वस्ती उठते आहे तिथला माहितीपट: पहिल्यांदा कॅमेरा घेऊन जाणाऱ्यांसाठी

जिथून माणसं हुसकावली जात आहेत अशा वस्तीत पहिल्यांदा कॅमेरा घेऊन जाणाऱ्याच्या डोक्यात बहुधा शेवटचा दिवस असतो: बुलडोझर, पोलीस, रस्त्यावर आलेला संसार. त्या दिवसाचं चित्रीकरण हवंच. पण तोवर बरीच माणसं निघून गेलेली असतात, आणि ती का गेली, त्यांना कुणी जायला लावलं, हे त्या दिवसाच्या फुटेजमध्ये शोधूनही सापडत नाही. रहिवाशांच्या समित्यांबरोबर काम करताना नव्या मुलामुलींनी मला जे जे विचारलं, ते इथे ओळीने मांडतो आहे. एक मत सगळीकडे डोकावेल, ते आधीच सांगतो: फुटेज पहिल्यांदा वस्तीच्या कामी यायला हवं, नंतर फिल्मच्या. हा क्रम पाळला की फिल्मही सकस होते.

आणखी एक. सार्वजनिक जागी चित्रीकरण, पोलिसांचं चित्रीकरण, संभाषण रेकॉर्ड करणं, फिल्म जाहीरपणे दाखवणं, यांचे कायदे देशागणिक वेगळे असतात. सुरुवातीलाच एका स्थानिक वकिलाशी तासभर बोलून घ्या.

१. काय चाललंय ते आधी समजून घ्या

विस्थापन म्हणजे फक्त घर पाडणं नव्हे. नगररचनेचे अभ्यासक पीटर मार्क्युज यांनी १९८५ मध्ये त्याचे वेगवेगळे प्रकार मांडले आणि ते आजही कॅमेरा कुठे लावायचा हे ठरवायला उपयोगी पडतात. एक, थेट: भाडं परवडेनासं करणं, किंवा पाणी किंवा थंड देशांत घर गरम ठेवणारी सोय तोडून राहणंच अशक्य करणं. दुसरा, घर रिकामं झाल्यावर त्याची किंमत इतकी वाढते की पूर्वी तिथे राहणाऱ्यासारखं दुसरं कुटुंब तिथे येऊच शकत नाही. तिसरा, दबाव: शेजारी गेले, ओळखीची दुकानं बंद पडली, शाळेचा वर्ग रिकामा झाला, म्हणून माणूस नोटीस यायच्या आधीच चंबूगबाळं आवरतो. या तिसऱ्या प्रकारातली माणसं कुठल्याच सरकारी यादीत येत नाहीत. ती फक्त तुमच्या फिल्ममध्ये येऊ शकतात.

हे घडतं का, याचं एक साधं आर्थिक उत्तर भूगोलाचे अभ्यासक नील स्मिथ यांनी १९७९ मध्ये दिलं. जागेतून आज मिळणारं उत्पन्न आणि तीच जागा दुसऱ्या वापराला दिली तर मिळू शकेल असं उत्पन्न, यांतली दरी वाढत गेली की भांडवल तिकडे वळतं. इमारतीची दुरुस्ती थांबवणं हा ती दरी वाढवण्याचाच भाग असतो. लंडनचं इझलिंग्टन असो, सॅन फ्रान्सिस्कोचा मिशन डिस्ट्रिक्ट असो की मुंबईचं गिरणगाव, तपशील वेगळे असले तरी ही दरी सापडते. म्हणून जिन्यातला महिनोनमहिने न बदललेला दिवा हे तुमच्या फिल्ममधलं महत्त्वाचं दृश्य आहे.

शूटिंगच्या आधी ही कागदपत्रं मिळवा:

- भागाचा विकास आराखडा आणि त्यात झालेले बदल
- जागेच्या मालकीच्या नोंदी, मागच्या काही वर्षांतल्या खरेदी-विक्रीसह
- आलेल्या सगळ्या नोटिसा, पाकिटांसह (पाकिटावरचा शिक्का तारीख सांगतो)
- भाडेपावत्या, वीज-पाण्याची बिलं
- सर्वेक्षणाची यादी आणि तीतून वगळलेल्यांची नावं
- कोर्टात काही चालू असेल तर अर्ज आणि आदेशांच्या प्रती

हे वाचायला कंटाळा येतो, पण कुणाला काय प्रश्न विचारायचे ते याशिवाय कळणार नाही.

२. वस्तीत कुणाच्या सांगण्यावरून जाता आहात?

बहुतेक वेळा एखादी समिती किंवा कार्यकर्ता तुम्हाला आत नेतो. त्यांचे आभार माना, आणि त्याच दिवसापासून त्यांच्या पलीकडच्या लोकांना भेटायला लागा. समितीत अनेकदा घरमालक किंवा जुने भाडेकरू असतात. पोटभाडेकरू, एकट्या राहणाऱ्या बायका, रात्रपाळीवाले, फुटपाथवर धंदा करणारे तिथे नसतात. पैसे घेऊन जायला तयार असलेलेही भेटतील. त्यांना फितूर ठरवून टाळू नका. आजारी माणसाचा खर्च, मुलीचं शिक्षण, थकलेलं शरीर यांचा हिशेब त्यांनी केलेला असतो, आणि तो हिशेब फिल्ममध्ये नसेल तर वस्तीतलाच प्रेक्षक तुमच्यावर विश्वास ठेवणार नाही.

इथे एक सापळा आहे, त्याबद्दल मी जरा आग्रहाने बोलतो. चित्रकार, छायाचित्रकार, फिल्मवाले एखाद्या भागात आले की तो भाग ‘बघण्यासारखा’ होतो, आणि मागोमाग गुंतवणूकदार येतात. लॉस एंजेलिसच्या बॉइल हाइट्समध्ये २०१६-१७ च्या सुमारास रहिवाशांनी नव्या आर्ट गॅलऱ्यांविरुद्ध उघड आंदोलन केलं ते याच कारणाने. तेव्हा तुमच्या सुंदर दृश्यांचं काय होणार याचा विचार करा. संध्याकाळच्या उन्हातल्या गल्लीचे शॉट, रंगीत दारं, हसरी मुलं, हे सगळं सुटं करून इंटरनेटवर टाकलं की ते जाहिरातीत वापरायला कुणालाही सोपं. फिल्म पूर्ण होईपर्यंत असं फुटेज बाहेर देऊ नका.

समितीशी एक पानाचा करार करा: फुटेजची मालकी कुणाची, वस्तीला कुठल्या प्रती मिळतील, एडिटचा अंतिम निर्णय कुणाचा, पैसे मिळाले तर काय. अंतिम निर्णय दिग्दर्शकाकडे ठेवायचा असेल तर तसं स्पष्ट लिहा. मोघम ठेवलं तर भांडण ऐन प्रदर्शनाच्या तोंडावर होतं.

३. संमती एकदा घेऊन संपत नाही

छापील संमतीपत्रावर सही घेतली की काम झालं, असं नव्या लोकांना वाटतं. ज्यांना आयुष्यभर न वाचता सह्या करायला लावल्या गेल्या, त्यांच्यासमोर तुम्ही आणखी एक कागद धरता आहात, हे लक्षात असू द्या.

मी संमती तीन स्तरांत मागतो. पहिला: फक्त नोंद आणि पुरावा म्हणून, वकील व समिती सोडून कुणी बघणार नाही. दुसरा: वस्तीतल्या आणि बैठकांतल्या प्रदर्शनासाठी. तिसरा: महोत्सव, टीव्ही, इंटरनेट, म्हणजे सगळ्या जगासाठी. माणूस आज पहिल्यावर थांबून सहा महिन्यांनी तिसऱ्याला हो म्हणू शकतो, उलटही होतं. संमती त्यांच्याच भाषेत, कॅमेऱ्यावर बोलूनही घ्या. कुठल्या तारखेपर्यंत मागे घेता येईल ते सांगा, आणि एकदा इंटरनेटवर गेलेलं परत आणता येत नाही हेही सरळ सांगा.

पाडकामाच्या दिवशी किंवा नोटीस आल्याच्या रात्री घेतलेली संमती मी धरत नाही. काही दिवसांनी पुन्हा जाऊन, फुटेज दाखवून विचारतो.

लोक बोलता बोलता स्वतःविरुद्ध पुरावा देऊन बसतात. ‘वरची खोली आम्हीच चढवली, परवानगी कुठली!’ किंवा ‘घर माझ्या चुलत्याच्या नावावर, मी नुसता राहतो.’ बोलणाऱ्याला ते साधं वाटतं, पण विरुद्ध बाजूच्या वकिलाला तेवढंच हवं असतं. असं वाक्य आलं की तिथेच रेकॉर्डिंग थांबवा, धोका समजावून सांगा आणि ते ठेवायचं की नाही ते त्यांनाच ठरवू द्या. चेहरा धूसर करणं पुरेसं नसतं. आवाज, हातावरचं गोंदण, खिडकीतून दिसणारी खूण यांवरूनही माणूस ओळखता येतो. ज्याला खरंच धोका आहे त्याचा चेहरा मुळात टिपूच नका.

मुलाखतीचे पैसे द्यावेत का? माझं उत्तर नाही. पण दुभाषी, वाट दाखवणारा, सामान सांभाळणारा यांना कामाचे पैसे जरूर द्या, आणि ते उघडपणे द्या.

४. सामान

चांगला फोन पुरतो. जे काही पैसे असतील ते आवाजावर खर्च करा, कारण हललेलं चित्र प्रेक्षक सहन करतो, न ऐकू येणारं बोलणं नाही.

- फोन किंवा कॅमेरा, साधा ट्रायपॉड
- कॉलर माइक, शक्य असल्यास एक शॉटगन माइक (ज्या दिशेला रोखला त्याच दिशेचा आवाज घेणारा)
- कान झाकणारा हेडफोन (रेकॉर्डिंग चालू असताना कानाला लावलेलाच हवा)
- दोन तरी मेमरी कार्डं, पॉवर बँक
- दोन हार्ड डिस्क
- वही-पेन, संमतीपत्रं, ओळखपत्र

फोनने शूट करत असाल तर ठरावीक फ्रेम रेट (सेकंदाला टिपल्या जाणाऱ्या चित्रांची संख्या) देणारं अ‍ॅप वापरा. फोनचा नेहमीचा कॅमेरा फ्रेम रेट आपोआप कमीजास्त करतो आणि लांब मुलाखतीत ओठ व आवाज एकमेकांपासून सुटत जातात. २४ किंवा २५, जो निवडाल तो शेवटपर्यंत ठेवा. आवाज ४८ किलोहर्ट्झवर. प्रत्येक खोलीत मुलाखत संपल्यावर सगळ्यांना गप्प बसवून अर्धा मिनिट नुसती शांतता रेकॉर्ड करा. एडिटमध्ये जोड लपवायला ती लागते.

५. वाट पाहण्याचा काळ टिपा

माझ्या मते फिल्मचा खरा जीव इथे असतो. विस्थापन वर्षानुवर्षं चालतं आणि त्यातला बहुतेक काळ काहीच घडत नसल्यासारखा दिसतो.

पहिलं काम: वस्तीतल्या पाच-सहा जागा ठरवा आणि दर महिन्याला त्याच जागेवरून, त्याच उंचीवरून, त्याच लेन्सने तीच चौकट टिपा. जमिनीवर खडूची खूण टिकत नाही. भिंतीचा कोपरा किंवा खांब धरून अंतर वहीत लिहा. वर्षभराने हे शॉट एकापाठोपाठ लावले की पाट्या बदलताना दिसतात, कुंड्या नाहीशा होतात, पत्र्याचं कुंपण एकेक गाळा पुढे सरकतं. यावर निवेदन लागत नाही.

दुसरं: लोकांनी आपापल्या कामासाठी ठेवलेल्या नोंदी शोधा. एका शिंप्याकडे मी मापांची वही पाहिली होती. प्रत्येक गिऱ्हाइकाचं नाव, छाती, कंबर, बाही. गिऱ्हाईक वस्ती सोडून गेलं की तो नावावर एकच बारीक रेघ ओढायचा आणि शेजारी ते कुठे गेलं ते लिहायचा, न जाणो कपडा पाठवावा लागला तर. सुरुवातीच्या पानांवर एखादीच रेघ, मधल्या पानांवर दर चार-पाच नावांआड, आणि शेवटच्या पानांवर रेघ नसलेलं नाव शोधावं लागत होतं. वस्ती कधी आणि कुठल्या दिशांना पांगली याची इतकी नेमकी नोंद कुठल्याही कार्यालयात नव्हती. अशी वही मिळाली तर प्रत्येक पान वरून, सरळ, पसरलेल्या उजेडात टिपा. वही तुमच्याबरोबर नेऊ नका. लोकांचे जुने फोटोही त्यांच्याच घरी, त्यांच्यासमोर स्कॅन करून तिथल्या तिथे परत द्या.

तिसरं: मुलाखतीत ‘तुम्हाला कसं वाटतं?’ हा प्रश्न टाका बाजूला. त्याचं उत्तर सगळीकडे सारखंच येतं. त्याऐवजी विचारा: दुरुस्तीचा माणूस शेवटचा कधी आला? नोटीस कुणी आणली, हातात दिली की दाराला चिकटवली? त्या वेळी घरात कोण होतं? तुमच्या आधी या मजल्यावरून कोण गेलं? माणूस तपशील आठवायला लागला की भावना आपसूक येतात, आणि त्या त्याच्या स्वतःच्या असतात. कुणी रडलं तर झूम करू नका.

६. पाडकामाच्या दिवशी

एकट्याने जाऊ नका. एक जण कॅमेऱ्यावर, एक त्याच्या पाठीशी लक्ष ठेवायला, एक थोड्या अंतरावर भरलेली कार्डं घेऊन निघून जायला. वकिलाचा नंबर फोनमध्ये ठेवा आणि दंडावर पेनाने लिहूनही ठेवा. अधिकाऱ्यांना किंवा यंत्राला अडवण्याचं काम तुमचं नाही. तुम्ही पकडले गेलात तर नोंदच थांबते.

काय टिपायचं याची यादी मी आंतरराष्ट्रीय निकषांवरून काढतो. संयुक्त राष्ट्रांच्या आर्थिक, सामाजिक आणि सांस्कृतिक हक्कांच्या समितीने १९९७ मध्ये सक्तीच्या निष्कासनाबद्दल, म्हणजे लोकांना बळजबरीने घराबाहेर काढण्याबद्दल, सामान्य टिप्पणी क्रमांक ७ काढली. तिच्या १५ व्या परिच्छेदात लोकांना कोणती संरक्षणं मिळायला हवीत ते सांगितलं आहे. त्यातली बरीचशी डोळ्यांनी दिसणारी आहेत, म्हणून त्यांचे प्रश्न करा:

- रहिवाशांशी खरी सल्लामसलत झाली होती का? बैठकीची नोंद आहे का?
- पुरेशी आधी नोटीस मिळाली का? नोटीस आणि तारीख जवळून टिपा.
- जागा पुढे कशासाठी वापरणार हे सांगितलं होतं का?
- सरकारी अधिकारी प्रत्यक्ष हजर आहेत का?
- कारवाई करणाऱ्यांची ओळख पटते का? नावाच्या पट्ट्या, गणवेश, गाड्यांचे क्रमांक.
- रात्र आहे का? वादळी पाऊस किंवा कडाक्याची थंडी आहे का?
- दाद मागायचा मार्ग आणि वकिलाची मदत लोकांना उपलब्ध होती का?

विकासाच्या नावाखाली होणाऱ्या विस्थापनाबद्दल संयुक्त राष्ट्रांची २००७ ची मार्गदर्शक तत्त्वंही आहेत. मागणी केल्यास तटस्थ निरीक्षकांना हजर राहू द्यावं, असं त्यांत म्हटलं आहे. हे सगळीकडे पाळलं जातं असं नाही, पण आधी लेखी मागणी करून ठेवा. नकार आला तर तोही कागद होतो.

शूटिंगची पद्धत: सुरू करताना तारीख, वेळ, जागा मोठ्याने बोला. ओळखीची खूण, रस्त्याची पाटी किंवा मनोरा चौकटीत घ्या. सावकाश चौफेर फिरवून जागा दाखवा. प्रत्येक शॉट किमान १० सेकंद स्थिर धरा. मध्ये मध्ये बंद-चालू करू नका. तुटक फुटेज कोर्टात सहज प्रश्नात येतं. आणि तुमची स्वतःची टिप्पणी नको, ती प्रत्येक क्लिपवर कायमची चिकटते.

७. फुटेज त्याच रात्री सांभाळा

तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, एक प्रत दुसऱ्या ठिकाणी. मूळ फाइलला हात लावू नका: नाव बदलू नका, कापू नका, काम नेहमी प्रतीवर करा. कॉपी करतानाच प्रत्येक फाइलचा हॅश (फाइलवरून संगणक काढतो ती अंक-अक्षरांची खूण) काढून यादीत नोंदवा. फाइलमध्ये एका बिटचा फरक पडला तरी हॅश बदलतो, त्यामुळे फुटेजमध्ये फेरफार नाही हे पुढे दाखवता येतं.

मेसेजिंग अ‍ॅपवरून मूळ फुटेज पाठवू नका. तिथे फाइल दाबून लहान केली जाते आणि आतली तारीख-ठिकाणाची माहिती सहसा पुसली जाते. पुराव्याच्या प्रतीत ही माहिती हवी; जाहीर प्रतीतून मात्र ती काढलीच पाहिजे, नाहीतर जीव मुठीत धरून बोललेल्या माणसाचा पत्ता तुम्हीच वाटत सुटाल.

८. आधी वस्तीला दाखवा

कॅनडात न्यूफाउंडलंडच्या किनाऱ्याजवळ फोगो नावाचं बेट आहे. मासेमारीवर जगणाऱ्या तिथल्या लोकांना दुसरीकडे हलवण्याचं घाटत होतं. १९६७ मध्ये कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डाचे दिग्दर्शक कॉलिन लो मेमोरियल विद्यापीठाच्या मदतीने तिथे गेले. त्यांनी एक मोठी फिल्म केली नाही. एकेका माणसावर किंवा एकेका विषयावर पंचवीसहून अधिक छोट्या फिल्म केल्या आणि त्या बेटावरच्याच वेगवेगळ्या गावांत दाखवल्या. एकमेकांशी फारसं न बोलणारी गावं पडद्यावर एकमेकांचं ऐकू लागली. नंतर त्या फिल्म सरकारी लोकांना दाखवल्या गेल्या, मंत्र्याचं उत्तर चित्रित करून बेटावर आणलं गेलं. लोक तिथेच राहिले, त्यांनी मच्छीमारांची सहकारी संस्था उभी केली.

यातून घेण्यासारखं काय? कच्चा एडिट असतानाच वस्तीत पडदा लावा. कुणाच्याही घरात नको, सगळे येतील अशा जागी. बायका कोणत्या वेळी येऊ शकतात ते विचारून वेळ ठरवा. फिल्म छोटी ठेवा आणि तिच्याहून जास्त वेळ बोलण्यासाठी राखा. लोक चुका काढतील, तारखा दुरुस्त करतील, ‘हा माणूस खोटं बोलतोय’ असंही म्हणतील. सगळं लिहून घ्या. आणि ज्यांची मुलाखत आहे त्यांना मात्र याआधी एकट्याने, घरी दाखवलेलं असू द्या. शंभर शेजाऱ्यांसमोर स्वतःला पहिल्यांदा पाहायची वेळ कुणावर आणू नका.

९. एडिट

थोडक्यात. पडद्यावर येणाऱ्या प्रत्येक आकड्यामागे कागद हवा. बिल्डर, मालक, पालिका यांना लेखी प्रश्न पाठवा, मुदत द्या, उत्तर आलं तर दाखवा, नाही आलं तर तसं सांगा. बदनामीच्या दाव्याच्या दृष्टीने फिल्म वकिलाला दाखवा. मुलाखतीमागे रेडिओवर गाणं वाजत असेल तर त्याच्या हक्कांचा प्रश्न येतो, म्हणून शूटिंगच्या वेळीच रेडिओ बंद करायची विनंती करा. दुःखी संगीत घालू नका. रेकॉर्ड केलेला वस्तीचा आवाज पुरतो.

१०. कुणाला दाखवायची, आणि नंतर

‘जागृती’ हे उद्दिष्ट फार ढोबळ आहे. निर्णय कोण घेतं त्यांची नावं लिहा: सुनावणी घेणारा अधिकारी, लोकप्रतिनिधी, कर्ज देणारी बँक. ते पूर्ण लांबीची फिल्म बघणार नाहीत. त्यांच्यासाठी ८-१० मिनिटांची, एकाच मागणीवर बेतलेली वेगळी आवृत्ती करा आणि ती सुनावणीच्या तारखेआधी तयार ठेवा. महोत्सवाचा विचार असेल तर प्रीमियरच्या अटी आधी वाचा. इंटरनेटवर टाकलेली फिल्म अनेक ठिकाणी बाद होते. पण महोत्सवासाठी सुनावणी चुकवायची वेळ आली तर मी महोत्सव सोडतो.

फिल्मसोबत नकाशाही करता येतो. सॅन फ्रान्सिस्कोमध्ये २०१३ पासून अँटी-एव्हिक्शन मॅपिंग प्रोजेक्ट कुणाला कुठून काढलं याचे नकाशे करतो आणि त्यांना त्या त्या माणसांच्या कहाण्या जोडतो. एका फिल्ममध्ये मावतात त्याहून कितीतरी जास्त घरं त्यात येतात.

शेवटी फुटेज वस्तीच्या हाती द्या. लोक पांगण्याआधीच सगळ्यांचे नवे पत्ते आणि फोन नंबर गोळा करा. नंतर ते मिळत नाहीत. एक डिस्क समितीकडे, एक एखाद्या विश्वासू ग्रंथालयात किंवा अभिलेखागारात. सोबत सूची द्या: फाइलचं नाव, तारीख, जागा, कोण बोलतंय, संमतीचा स्तर कुठला. पहिल्या स्तरावरच्या फाइल वेगळ्या, कुलूपबंद डिस्कवर ठेवा आणि तिचा पासवर्ड कुणाकडे आहे हे करारात नोंदवा. हार्ड डिस्क पडून राहिली तरी बिघडते, म्हणून दर वर्षी ती उघडून हॅश ताडून बघायची आणि काही वर्षांनी सगळं नव्या डिस्कवर उतरवायची जबाबदारी एका माणसावर, नावानिशी सोपवा.